घोडा कोणाच्या तबेल्यात होता? संकटात सापडलेल्या शहरांची पुस्तके वाचताना

फेब्रुवारी २०१८ मध्ये दक्षिण आफ्रिकेतील केपटाऊनच्या रहिवाशांना माणशी दिवसाला ५० लिटर पाण्यात भागवा, असे सांगण्यात आले. सप्टेंबर २०२३ मध्ये इंग्लंडमधील बर्मिंगहॅमच्या नगर परिषदेने, अत्यावश्यक सेवांपलीकडचा खर्च आपल्याला झेपत नाही, अशी कायदेशीर नोटीस काढली. इंडोनेशियाने तर खचत चाललेल्या जाकार्तातून राजधानीच दुसऱ्या बेटावर हलवण्याचा कायदा २०२२ मध्ये केला. अशा बातम्या वाचताना सर्वसाधारण वाचक बुचकळ्यात पडतो. जिथे अभियंते आहेत, बँका आहेत, विद्यापीठे आहेत आणि कर भरणारे लाखो लोक आहेत, ते शहर गुडघे टेकते कसे?

बातमी त्या दिवसापुरती असते. शहर कसे बिघडत गेले हे सांगायला पुस्तकाएवढी जागा लागते. अशी पुस्तके दोन गठ्ठ्यांत मोडतात. एका गठ्ठ्यात कादंबऱ्या येतात आणि दुसऱ्यात ललितेतर पुस्तके, म्हणजे कागदपत्रे, आकडेवारी आणि मुलाखती यांच्या आधारे प्रत्यक्ष घडलेले सांगणारी. ग्रंथालयात ही दोन कपाटे वेगवेगळ्या भिंतींना असतात आणि बहुतेक वाचक त्यांतल्या एकाच कपाटाकडे वळतात. माझ्या मते ती शेजारी ठेवून वाचली तर दोन्हींतले अधिक कळते, कारण दोन्हींच्या मुळाशी बहुधा एकच प्रश्न असतो : संकट आले तेव्हा शहर सोडून कोण जाऊ शकत होते, कोणाला जाता येत नव्हते आणि हे कोणी ठरवले?

शहर अडचणीत येते म्हणजे काय होते?

शहरातला माणूस स्वतः विहीर खणत नाही, धान्य पिकवत नाही आणि आपला कचरा कोठे जातो हे पाहायलाही जात नाही. नळ सोडला की पाणी येईल, अंधार पडला की रस्त्यावरचा दिवा लागेल, दोन दिवस दिसलो नाही तर कोणी तरी दार वाजवील, हे सगळे तो अनोळखी माणसांच्या भरवशावर सोडून कामाला लागतो. शहर अडचणीत येते तेव्हा या भरवशाचा एखादा धागा तुटतो आणि त्याला बांधलेले बाकीचे धागे सुटू लागतात.

भूकंप झाला किंवा वेढा पडला, तर धागा सर्वांदेखत तुटतो. पुष्कळदा मात्र तो वर्षानुवर्षे झिजत असतो आणि तुटल्याचा दिवस तेवढा लोकांच्या लक्षात राहतो. छतावर ओलीचा डाग उमटतो त्या दिवशी गळती सुरू झालेली नसते, वरच्या मजल्यावरचा पाइप कधीचाच झिरपत असतो. संकटातल्या शहरांवरची चांगली पुस्तके डाग दाखवून थांबत नाहीत, ती जिना चढून वर जातात. ही रीत फार जुनी आहे. इसवी सनपूर्व ४३० मध्ये अथेन्समध्ये साथ आली, तेव्हा इतिहासकार थ्युसिडिडीज स्वतः आजारी पडून बरा झाला होता. त्याने रोगाची लक्षणे बारकाईने नोंदवलीच, पण त्यासोबत हेही लिहून ठेवले की युद्धामुळे आसपासच्या खेड्यांतली माणसे तटाच्या आत आणली गेली होती, ती ऐन उन्हाळ्यात कोंदट खोपटांत राहत होती आणि साथीचा सर्वांत मोठा तडाखा त्यांनाच बसला. रोगावर कोणाची सत्ता नव्हती, पण लोकांना तटाच्या आत आणायचे हा निर्णय माणसांनी घेतलेला होता.

घोडा मिळाला नाही म्हणून

डॅनियल डीफो यांचे 'अ जर्नल ऑफ द प्लेग इयर' १७२२ मध्ये प्रसिद्ध झाले. १६६५ च्या लंडनमधील प्लेगची हकिगत त्यात 'एच. एफ.' एवढ्या आद्याक्षरांनीच ओळखला जाणारा एक खोगीरवाला सांगतो. कित्येक वाचकांनी ही खरी रोजनिशी मानली. प्रत्यक्षात प्लेगच्या वर्षी डीफो जेमतेम पाच वर्षांचे होते. १७२० मध्ये फ्रान्सच्या मार्सेय बंदरात प्लेग आला, लंडनकर पुन्हा धास्तावले आणि डीफो यांनी जुने सरकारी आदेश, मृत्यूंचे साप्ताहिक तक्ते आणि ऐकीव आठवणी यांतून हे पुस्तक रचले. कादंबरी आणि ललितेतर यांच्यामधली भिंत किती पातळ असू शकते, याचा हा जुना आणि अजूनही उत्तम नमुना आहे.

सुरुवातीलाच एच. एफ. पेचात सापडतो. जावे की राहावे? पश्चिमेकडच्या धनिक वस्तीतून माणसे, नोकरचाकर आणि सामान यांनी भरलेल्या गाड्या शहराबाहेर चाललेल्या असतात. वाटेत कोणी अडवू नये म्हणून निरोगी असल्याचा दाखला हवा, आणि तो मिळवण्यासाठी महापौरांच्या दारात झुंबड उडालेली असते. भाऊ त्याला निघण्याचा आग्रह करतो. तो निघायचे ठरवतोही, पण साऱ्या शहरात भाड्याने घोडा मिळत नाही. पुढे बरोबर येणारा नोकर पळून जातो. या अडचणींमागे देवाचा संकेत आहे असे मानून एच. एफ. मागे राहतो. देवाची इच्छा काहीही असो, ज्यांच्या तबेल्यात घोडे होते ते गेले, हे वाचकाला स्वच्छ दिसते.

मागे राहिलेल्यांसाठी आणखी एक दार बंद होत असे. घरात एकाला जरी प्लेग झाला, तरी सगळ्या कुटुंबाला आत ठेवून घर महिनाभर बंद केले जाई. दाराच्या मधोमध एक फूट लांबीची तांबडी फुली, तिच्याजवळ देवाची दया मागणारी एक ओळ आणि बाहेर दिवसरात्र पहारेकरी. या शिक्षेच्या भीतीने लोक आजार लपवू लागले आणि मृत्यूच्या तक्त्यांत प्लेगऐवजी भलतेच रोग नोंदवून घेऊ लागले. त्या वर्षीच्या अधिकृत तक्त्यांनुसार लंडनमध्ये प्लेगने ६८,५९६ माणसे दगावली, तर डीफो यांचा निवेदक पुस्तकाच्या शेवटच्या चार ओळींत हा आकडा एक लाख सांगतो. तक्ता हाती असलेल्या वाचकाला ६८,५९६ एवढेच दिसते. तो आकडा कमी का भरला असेल, हे कळायला त्या तांबड्या फुलीच्या आतल्या बाजूला बसून पाहावे लागते, आणि ते काम कादंबरी करते.

'मी इथला नाही'

आल्बेर काम्यू यांच्या 'द प्लेग' (१९४७) या कादंबरीत अल्जीरियातील ओरान या बंदराच्या वेशी बंद होतात. रांबेर हा पॅरिसहून आलेला पत्रकार आत अडकतो. आपली प्रेयसी तिकडे आहे, आपण या शहराचे कोणी लागत नाही, तेव्हा आपल्याला जाऊ द्यावे, असे तो कचेऱ्या-कचेऱ्यांतून सांगत फिरतो. डॉक्टर रिये त्याला खिन्नपणे समजावतो, की यापुढे तूही सर्वांसारखा इथलाच. मग रांबेर चोरट्या मार्गाने बाहेर काढणाऱ्यांना गाठतो, ठरलेल्या भेटी चुकतात, सगळे पुन्हा पहिल्यापासून जुळवावे लागते, आणि अखेर खरोखर निघायची वेळ येते तेव्हा तो राहायचे ठरवतो. एकट्याने सुखी होण्याची त्याला शरम वाटते.

नाझी राजवटीखालच्या फ्रान्सचे रूपक म्हणून ही कादंबरी वाचली जाते आणि ते योग्यच आहे. पण शहराची कादंबरी म्हणून वाचताना एक गोष्ट खटकली पाहिजे. काम्यू यांची वेस सर्वांसाठी एकाच दिवशी आणि सारखीच बंद होते. रांबेरचा नैतिक पेच त्यामुळेच इतका धारदार होतो, मात्र खऱ्या शहरांत वेस अशी सरसकट बंद झाल्याचे क्वचितच आढळते. तिथे काहींचे दार कर्जाच्या अर्जावर बंद होते, काहींचे पाण्याच्या नळापाशी, आणि ते बंद झाल्याचे शेजाऱ्याला कळतही नाही.

दिवाळे एका दिवसात निघत नाही

चाळीस घरांची एक इमारत डोळ्यांसमोर आणावी. लिफ्ट, पाण्याचा पंप, जिन्यातले दिवे आणि गच्चीची डागडुजी यांचा खर्च चाळीस जण वाटून घेतात. पंचवीस कुटुंबे निघून गेली, तर गच्ची लहान होत नाही आणि पंपही छोटा होत नाही. उरलेल्या पंधरा घरांवर बोजा वाढतो, त्यांतल्या ज्यांना परवडते ते निघतात, बोजा आणखी वाढतो. शेवटी ज्यांना दुसरीकडे घर घेता येत नाही तेच उरतात, आणि बाहेरचे म्हणतात, या लोकांना इमारत सांभाळता येत नाही.

अमेरिकेतील डेट्रॉइटचे असेच झाले. १९५० मध्ये तिथे सुमारे साडेअठरा लाख लोक राहत होते, २०१० मध्ये सुमारे ७ लाख १४ हजार उरले. शहराचे क्षेत्र मात्र तेवढेच, सुमारे ३६० चौरस किलोमीटर. १८ जुलै २०१३ रोजी शहराने दिवाळखोरीचा अर्ज केला तेव्हा देणी सुमारे १,८०० कोटी डॉलरची होती आणि रस्त्यांवरचे सुमारे ४० टक्के दिवे बंद होते.

रूढ समजूत अशी, की १९६७ च्या दंगलीनंतर गोरे लोक पळाले आणि शहर बसले. इतिहासकार थॉमस सुग्रू यांनी 'द ओरिजिन्स ऑफ द अर्बन क्रायसिस' (१९९६) या पुस्तकात ही समजूत खोडली. त्यांच्या मांडणीनुसार १९४७ ते १९६३ या काळात, म्हणजे दंगलीच्या आधीच, शहरातील कारखान्यांमधल्या १,३४,००० नोकऱ्या गेल्या होत्या. त्याच काळात घरांची दारेही वंशानुसार उघडत आणि मिटत होती. इथे एक शब्द समजून घ्यावा लागतो, तो म्हणजे 'रेडलायनिंग'. १९३० च्या दशकात अमेरिकी सरकारच्या गृहकर्ज संस्थेने शहरांचे नकाशे चार रंगांत रंगवले आणि ज्या वस्तीत कर्ज देणे धोक्याचे मानले तिला लाल रंग दिला. कृष्णवर्णीयांच्या वस्त्या बहुतेक सगळीकडे लाल ठरल्या.

या रंगांचा अर्थ डेट्रॉइटमधली एक भिंत जवळून पाहिली की उमजतो. एका बांधकाम व्यावसायिकाला कृष्णवर्णीयांच्या वस्तीला लागून गोऱ्यांसाठी घरे बांधायची होती, पण शेजार पाहून सरकार कर्जाला हमी देईना. १९४१ मध्ये त्याने दोन वस्त्यांच्या मधोमध सुमारे अर्धा मैल लांब आणि सहा फूट उंच काँक्रीटची भिंत उभारली आणि हमी मिळाली. भिंत अजून आहे, तिच्यावर आता रंगीत चित्रे आहेत. हात वर केला तर तिच्या माथ्याला सहज टेकतो, एखादा पोरगाही ती चढून जाईल. गृहकर्ज मात्र ती ओलांडू शकत नव्हते.

हेच शहर जेफ्री युजेनिडीस यांच्या 'मिडलसेक्स' (२००२) या कादंबरीत ग्रीक वंशाच्या एका कुटुंबाच्या बाजूने दिसते. १९६७ च्या दंगलीत त्यांचे उपाहारगृह जळते आणि विम्याच्या पैशातून ते ग्रॉस पॉइंट या सधन उपनगरात घर घेतात. कुटुंबाच्या दृष्टीने ती एक आपत्ती आणि नंतरची नवी सुरुवात असते. सुग्रू वाचलेल्या वाचकाला त्याच प्रसंगात आणखी एक गोष्ट दिसते, ती ही की इमारतीतले आणखी एक घर रिकामे झाले.

इंजिनाला मानवले नाही ते पाणी

डेट्रॉइटपासून सुमारे शंभर किलोमीटरवर असलेले फ्लिंट हे शहर आर्थिक चणचणीत होते, म्हणून त्याचा कारभार राज्य सरकारने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे होता. या अधिकाऱ्याला मत देऊन बसवता येत नव्हते आणि मत देऊन काढताही येत नव्हते. पैसे वाचवण्यासाठी एप्रिल २०१४ मध्ये डेट्रॉइटकडून येणारे पाणी बंद करून फ्लिंट नदीचे पाणी सुरू झाले. जुन्या शहरांत शिशाचे नळ असतात. पाण्यात योग्य रसायन मिसळले की नळाच्या आतून एक पातळ थर बसतो आणि शिसे पाण्यात उतरत नाही. फ्लिंटमध्ये ते रसायन मिसळलेच गेले नाही.

पुढचा तपशील कोणत्याही कादंबरीकाराने रचला असता, तर अतिरंजित म्हणून समीक्षकांनी झोडपला असता. ऑक्टोबर २०१४ मध्ये तिथल्या जनरल मोटर्सच्या इंजिन कारखान्याने हे पाणी वापरणे थांबवले, कारण त्याने इंजिनाचे भाग गंजू लागले होते. घराघरांत मात्र तेच पाणी ऑक्टोबर २०१५ पर्यंत येत राहिले. त्याच शहरातील बालरोगतज्ज्ञ मोना हॅना-अतिशा यांनी लहान मुलांच्या रक्ततपासण्यांचे आकडे जुळवून शिशाचे प्रमाण वाढल्याचे सप्टेंबर २०१५ मध्ये जाहीर केले. त्यांच्या 'व्हॉट द आईज डोन्ट सी' (२०१८) या पुस्तकात हा सगळा प्रवास आहे.

मग लोक निघून का गेले नाहीत, असा प्रश्न सुखवस्तू वाचकाच्या मनात हमखास येतो. जाण्यासाठी राहते घर विकावे लागते, आणि ज्या घराच्या नळाला शिसे येते ते विकत कोण घेणार? फ्लिंटमध्ये ना वेस बंद झाली होती, ना पहारेकरी बसला होता. आयुष्याची बचत ज्यात अडकली होती ते घर सोडवत नव्हते.

उन्हाने मेले की एकटेपणाने?

समाजशास्त्रज्ञ एरिक क्लिनेनबर्ग यांचे 'हीट वेव्ह' (२००२) हे पुस्तक मी बराच काळ हवामानावरचे रूक्ष पुस्तक समजून बाजूला ठेवले होते. ही चूक नंतर सुधारली, आणि आता या विषयावरचे एकच पुस्तक सुचवायचे झाले तर मी हेच सुचवीन.

जुलै १९९५ मध्ये शिकागोत पारा ४१ अंश सेल्सिअसवर गेला. शवागारात जागा उरली नाही म्हणून शीतकरणाची सोय असलेले ट्रक आणून उभे करावे लागले. खुद्द महापौरांनी मृतांच्या आकड्यावर शंका घेतली, कारण उष्णतेने मेलेल्याच्या अंगावर तशी खूण नसते. म्हणून संशोधकांनी 'अतिरिक्त मृत्यू' मोजले. एरवी त्या दिवसांत जितके लोक मरतात त्याहून किती जास्त मेले, हा तो हिशेब, आणि त्याचे उत्तर आले ७३९.

क्लिनेनबर्ग यांनी एकमेकींना लागून असलेल्या दोन वस्त्या निवडल्या. दोन्हींत गरिबी होती, दोन्हींत एकटे राहणारे वृद्ध होते, ऊन तर तेच होते. तरीही नॉर्थ लॉनडेलमधला मृत्युदर साउथ लॉनडेलच्या सुमारे दहापट निघाला. फरक रस्त्यावर होता. साउथ लॉनडेलमध्ये दुकाने चालू होती, पदपथ गजबजलेले होते, म्हातारी माणसे एरवीही खाली उतरत आणि उकाड्यात गारव्याला दुकानात जाऊन बसत. नॉर्थ लॉनडेलमधले कारखाने आणि दुकाने गेली होती, मोकळे भूखंड पडले होते आणि गुन्हेगारीच्या भीतीने वृद्ध खिडक्या-दारे घट्ट लावून आत बसत. शहर सोडणे दूरच, त्यांना उंबरठा ओलांडणेही सुरक्षित वाटत नव्हते. वैद्यकीय शवविच्छेदनात हृदय बंद पडलेले दिसते. वस्ती कोठे बंद पडली हे पाहण्याच्या आपल्या पद्धतीला क्लिनेनबर्ग 'सामाजिक शवविच्छेदन' म्हणतात.

समोर असून न दिसणे

एवढे सगळे शेजारी घडत असताना बाकीच्या शहराला ते दिसत कसे नाही? या प्रश्नाचे एक उत्तर १८४५ मधले आहे आणि दुसरे २००९ मधले.

फ्रीडरिश एंगल्स यांनी चोविसाव्या वर्षी प्रसिद्ध केलेल्या इंग्लंडमधील कामगारांच्या स्थितीवरील पुस्तकात मँचेस्टरच्या रस्त्यांचे वर्णन आहे. श्रीमंतांच्या बंगल्यांपासून व्यापारी पेठेपर्यंत जाणाऱ्या हमरस्त्यांच्या दोन्ही बाजूंना दुकानांची सलग रांग होती. गाडीतून रोज ये-जा करणाऱ्या व्यापाऱ्याला दोन्हीकडे फक्त दुकानांची दर्शनी बाजू दिसे, आणि त्यांच्या पाठीमागे असलेल्या घाणीने बरबटलेल्या कामगार वस्त्या त्याच्या नजरेला कधीच पडत नसत. कोणी कट केला नव्हता, पण शहराची रचनाच डोळे झाकण्याच्या सोयीची झाली होती.

चायना मिएव्हिल यांनी 'द सिटी अँड द सिटी' (२००९) या कादंबरीत ही सोय टोकाला नेली. बेझेल आणि उल कोमा ही दोन शहरे एकाच जागेवर वसलेली आहेत, काही रस्ते तर दोन्हींचे आहेत. मात्र एका शहराच्या नागरिकाने दुसऱ्या शहरातला माणूस, इमारत किंवा मोटार 'न पाहणे' बंधनकारक आहे आणि चुकून पाहिले तरी तो गुन्हा ठरतो. लहानपणापासून मुलांना न पाहण्याचे वळण लावले जाते. सुरुवातीला ही कल्पना अशक्य वाटते. शंभरेक पाने वाचून झाल्यावर आपण सिग्नलला थांबलेलो असताना काचेवर टकटक झाली की मान कशी वळवतो, हे आठवून अस्वस्थ व्हायला होते.

आता काम्यूंकडे परत जाता येईल. रांबेर ओरानला कशासाठी आलेला असतो? तिथल्या अरब लोकांच्या राहणीमानावर लिहिण्यासाठी. त्यानंतर पुस्तकभर प्लेगने माणसे मरत राहतात, पण अरब वस्तीतले एकही ठळक पात्र आपल्याला भेटत नाही. इतक्या न्यायी लेखकाच्या हातूनही न पाहणे घडले, आणि टीकाकारांनी त्यावर नेमके बोट ठेवले आहे.

खरी माहिती असताना कादंबरी कशाला?

हा आक्षेप वजनदार आहे. सुग्रू आणि क्लिनेनबर्ग यांच्यासारखे अभ्यासक उपलब्ध असताना रचलेल्या गोष्टींवर वेळ का घालवावा? एक उत्तर जुझे सारामागू यांच्या 'ब्लाइंडनेस' (१९९५) मध्ये आहे. एका निनावी शहरात माणसे एकामागून एक आंधळी होऊ लागतात आणि सरकार त्यांना एका जुन्या मनोरुग्णालयात डांबते. डोळ्यांच्या डॉक्टरला न्यायला रुग्णवाहिका येते तेव्हा त्याची पत्नीही आत चढते. तिला उतरायला सांगतात, तर ती म्हणते, मीही आताच आंधळी झाले. ती धडधडीत खोटे बोलते आहे. बाहेर राहण्याची पूर्ण मुभा असलेली व्यक्ती आपणहून आत जाते, हा क्षण कोणत्याही तक्त्यात नोंदवता येत नाही. तक्त्यात ती फक्त डांबलेल्यांपैकी एक असते.

दुसरे उत्तर नाव बदलण्याच्या मुभेत आहे. इंद्रा सिन्हा यांच्या 'अ‍ॅनिमल्स पीपल' (२००७) या कादंबरीतले शहर खौफपूर आहे, पण डिसेंबर १९८४ मधील भोपाळच्या वायुकांडाची छाया पानोपानी जाणवते. कण्यातून वाकल्याने चार पायांवर चालणारा निवेदक शिवराळ, चावट आणि मत्सरी आहे. खऱ्या पीडिताबद्दल लिहिताना लेखकाची लेखणी आदराने जड होते. खौफपूरमधल्या पोराला मात्र बिनदिक्कत वाईट वागता येते, म्हणून तो जिवंत वाटतो.

दुसऱ्याचे दुःख उसने घेता येते का?

ही मुभा कोठवर चालते, हे सारायेवोच्या उदाहरणावरून कळते. बोस्नियाच्या या राजधानीला एप्रिल १९९२ ते फेब्रुवारी १९९६ असा १,४२५ दिवस वेढा होता. मे १९९२ मध्ये पावासाठी रांगेत उभ्या असलेल्या लोकांवर तोफगोळे पडले, आणि त्यानंतर वेद्रान स्माइलोविच हा वादक भग्न शहरात चेलो वाजवत राहिला. स्टीव्हन गॅलोवे यांच्या 'द सेलिस्ट ऑफ सारायेवो' (२००८) या कादंबरीच्या केंद्रस्थानी असाच एक निनावी वादक आहे. पुस्तक जगभर गाजले आणि स्माइलोविच संतापले. आपल्याला न विचारता आपली ओळख वापरली गेली, असे त्यांनी जाहीरपणे म्हटले.

गॅलोवे यांची बाजू अशी, की सार्वजनिक कृतीतून त्यांनी एक काल्पनिक पात्र घडवले. कायद्याच्या दृष्टीने त्यात वावगे नसेल, तरी माझा कल वादकाकडे आहे. वेढ्यात अडकलेल्या माणसाकडून घर, वीज, पाणी आणि शेजारी एकेक करून काढून घेतले जातात, आणि त्याच्या हाती स्वतःचे असे जे थोडे उरते त्यात त्याची ती कृती असते. खौफपूर हे नाव घेऊन जे साधले, ते सारायेवो हेच नाव कायम ठेवून साधणे अधिक अवघड होते.

आणि ललितेतर पुस्तके तरी निर्दोष असतात का?

नसतात. रॉबर्ट कॅरो यांचे 'द पॉवर ब्रोकर' (१९७४) हे न्यूयॉर्कचा चेहरा बदलणाऱ्या रॉबर्ट मोझेस या बलाढ्य अधिकाऱ्याचे हजारांहून अधिक पानांचे चरित्र आहे. ब्रॉन्क्समधून जाणाऱ्या द्रुतगती मार्गाच्या अवघ्या एका मैलासाठी १,५३० कुटुंबे कशी उठवली गेली, यावरचे त्यातले प्रकरण शहरांवरच्या लेखनात मला सर्वांत अस्वस्थ करणारे वाटते. पण त्याच पुस्तकातली सर्वांत गाजलेली गोष्ट वादग्रस्त आहे. गरीब आणि कृष्णवर्णीय लोक बसने समुद्रकिनाऱ्यावर येऊ नयेत म्हणून मोझेस यांनी मार्गावरचे पूल मुद्दाम ठेंगणे बांधले, असे कॅरो सांगतात. त्या मार्गांवर बसगाड्यांना तशीही बंदी होती, तेव्हा पुलांच्या उंचीवरून हेतू सिद्ध होत नाही, असा आक्षेप नंतरच्या अभ्यासकांनी घेतला. ठेंगण्या पुलाची गोष्ट एका वाक्यात सांगता येते म्हणून ती पसरली. १,५३० कुटुंबांची गोष्ट सांगायला प्रकरण लागते, म्हणून ती पुस्तकातच राहिली.

जाता येत असूनही जे जात नाहीत

शहर सोडून कोण जाऊ शकले, हा प्रश्न प्रत्येक पुस्तकाला लागू पडतो असे मात्र नाही. जे. जी. बॅलार्ड यांची 'हाय-राइज' (१९७५) ही कादंबरी त्याला सरळ उलटवते. चाळीस मजल्यांच्या नव्या कोऱ्या इमारतीत डॉक्टर, वकील आणि चित्रवाणीवरचे लोक राहतात. दिवे जातात, लिफ्ट अडकतात, मजल्यामजल्यांत वैर पेटते, कचरा साचतो आणि खून पडतात. खालचे दार सदैव उघडे आहे, गाड्या बाहेर उभ्या आहेत, प्रत्येकाला सकाळी कामावर जाता येते. तरी लोक जात नाहीत. पुढे पुढे तर ते कामावर जाणेही सोडतात, कारण आत चाललेला राडा त्यांना आवडू लागलेला असतो.

पहिल्यांदा वाचताना मला हे कृत्रिम वाटले होते. फ्लिंट आणि नॉर्थ लॉनडेल यांच्याबद्दल वाचून झाल्यावर पुन्हा वाचली, तेव्हा बॅलार्ड यांनी घोडे ज्यांच्या तबेल्यात होते त्याच माणसांची कादंबरी लिहिली आहे, हे लक्षात आले. पुस्तकाच्या शेवटी डॉक्टर लेंग पंचविसाव्या मजल्यावरच्या सज्जात बसून कुत्र्याची तंगडी भाजत असतो. समोरच्या तशाच दुसऱ्या इमारतीतले दिवे एका मजल्यावर जातात आणि अंधारात विजेऱ्या चाचपडत फिरू लागतात. लेंग समाधानाने तिकडे पाहत राहतो.